‘नामंजूर’ म्हणा, पण कारण लिहून द्या

मा. संपादक,

पेट्रोलच्या गाडीला सीएनजी किट बसवले की आरसी बुकात इंधनाची नोंद बदलून घ्यावी लागते. आरटीओ ती नाकारते तेव्हा मालकाच्या हाती अनेकदा एका ओळीचा शेरा पडतो, कधी तेवढेही नाही. वाद इथेच अडकतो. मोटार वाहन कायद्याच्या कलम ५२ खालच्या, म्हणजे गाडीतील बदलांविषयीच्या आदेशाविरुद्ध कलम ५७ नुसार अपील करता येते, मुदत ३० दिवस, आणि ती आदेशाची सूचना मिळाल्यापासून मोजतात. आदेशच कागदावर नसेल तर अपील कशाविरुद्ध करायचे?

म्हणून नकार कळताच लेखी अर्ज द्यावा : कोणत्या तरतुदीखाली आणि कशामुळे नाकारले ते कळवा. आवक शिक्क्याची पोच जपून ठेवावी. उत्तर आले नाही तर माहिती अधिकारात फाइलवरच्या शेऱ्यांची प्रत मागावी. कारण एकदा कागदावर आले की ते बदलता येत नाही. आदेशात नसलेली कारणे पुढे प्रतिज्ञापत्रातून जोडता येत नाहीत, हे सर्वोच्च न्यायालयाने मोहिंदरसिंग गिल खटल्यातच सांगितले आहे.

नकारासाठी सर्वोच्च न्यायालयाच्या जानेवारी २०१९ च्या जयचंद्र निकालाकडे बोट दाखवले जाते. तो निकाल उत्पादकाने ठरवलेल्या मूळ रचनेत फेरफार करण्यासंबंधी आहे. इंधन बदलणाऱ्या किटला तर कलम ५२ च्या परंतुकातच, म्हणजे कलमाला जोडलेल्या अपवादातच, अटींसह वाट दिली आहे. अपिलात हा फरक ठळकपणे मांडायला हवा.

मात्र अटी पाळलेल्या नसतील तर कोणतेही अपील वाचवणार नाही. किटच्या मान्यतेच्या दाखल्यात आपल्या गाडीचे मॉडेल आणि भारत स्टेज (प्रदूषण मानकाचा टप्पा) आहे का, हे पैसे मोजण्याआधीच पाहावे. किट अधिकृत केंद्रातूनच बसवावे. सिलिंडरवर ठोकलेला क्रमांक आणि चाचणीची तारीख दाखल्याशी अंक न् अंक ताडून घ्यावी. तिथे एक आकडा चुकला तरी निरीक्षक गाडी परत पाठवतो, आणि त्यात त्याचे काही चुकत नाही. जुना सिलिंडर असेल तर दर तीन वर्षांची दाब चाचणी झालेली हवी. विमा कंपनीलाही बदल कळवावा.

अपील टाळून थेट उच्च न्यायालयात रिट याचिका करण्याचा मोह आवरावा. पर्यायी उपाय उपलब्ध आहे म्हणून न्यायालय बहुधा परत पाठवते आणि तोवर ३० दिवस उलटून गेलेले असतात. म्हणणे मांडायची संधीच दिली नाही किंवा अधिकार नसताना आदेश काढला, अशा वेळी मात्र राज्यघटनेच्या कलम २२६ ची, म्हणजे रिटची, वाट खुली असते.

परिवहन विभागाला एकच विनंती आहे. अर्ज फेटाळताना कलम, कारण, तारीख आणि अपील कोणाकडे करायचे हे त्याच आदेशात छापून द्यावे.

– मोटार वाहन कायद्याची प्रकरणे पाहणारा एक वकील, परळ, मुंबई