आधी मार्ग पाहा, मग इंधन ठरवा

मा. जलवाहतूक मंत्री महोदय,

सप्रेम नमस्कार.

प्रवासी आणि मोटारी एकत्र नेणाऱ्या नव्या फेरीबोटीचा विषय निघाला की एलएनजीचं, म्हणजे अतिथंड करून द्रवरूप केलेल्या नैसर्गिक वायूचं, नाव सर्वांत आधी पुढे येतं. बोट पंचवीस-तीस वर्षं चालते आणि इंधनाची टाकी नंतर बदलणं फार महागात पडतं. म्हणून निविदा निघण्याआधीच हे लिहितो आहे.

एलएनजीचे गुण खरे आहेत. २०१३ साली फिनलंड-स्वीडनमधल्या तुर्कू-स्टॉकहोम मार्गावर आलेल्या ‘व्हायकिंग ग्रेस’ या एलएनजीवरच्या फेरीबोटीने ते दाखवून दिलं: गंधक जवळपास नाही, काजळीही फार कमी. पण हा वायू म्हणजे मुख्यतः मिथेन, आणि त्यातला थोडा न जळताच धुराड्यातून निसटतो. वीस वर्षांच्या हिशेबात मिथेनची उष्णता धरून ठेवण्याची ताकद कार्बन डायऑक्साइडच्या सुमारे ८० पट आहे. युरोपीय महासंघाच्या नियमांत मध्यम गतीच्या दुहेरी इंधन (वायू आणि डिझेल दोन्हींवर चालणाऱ्या) इंजिनांसाठी ही गळती ३.१ टक्के धरली आहे. इंजिनावरचा भार कमी असताना ती आणखी वाढते. फेरीबोट तर सारखी धक्क्याला लागत असते: वेग उतरवायचा, बोट वळवायची, रॅम्प टेकवायचा, पुन्हा निघायचं. मार्ग जितका छोटा, तितका या कमी भाराच्या वेळेचा वाटा मोठा.

छोट्या मार्गाला बॅटरीच हवी, असं माझं ठाम मत आहे. नॉर्वेतल्या सोग्नेफ्योर्डवर ‘अँपिअर’ ही बोट २०१५ साली वीस मिनिटांचं अंतर विजेवर कापू लागली आणि मोटारी चढ-उतार करत असताना चार्ज होऊ लागली. तिथल्या गावांची वीजवाहिनी एवढा भार एकदम पेलणारी नव्हती. म्हणून दोन्ही धक्क्यांवर बॅटऱ्या बसवल्या. त्या सावकाश भरत राहतात आणि बोट लागली की झटपट वीज देतात. धक्क्यावरच्या या कामासाठी अंदाजपत्रकात पहिल्या दिवसापासून तरतूद हवी.

लांबच्या मार्गाला मिथेनॉल या द्रवरूप अल्कोहोल इंधनाचा विचार करा. ‘स्टेना जर्मेनिका’ ही फेरीबोट २०१५ पासून ते वापरते. टाकी डिझेलच्या दुपटीहून मोठी लागते, पण एलएनजीसारखं उणे १६२ अंशांवर ठेवावं लागत नाही. मात्र ते नैसर्गिक वायूपासूनच बनवलेलं असेल, तर हवामानाचा फायदा उरत नाही.

तेव्हा विनंती अशी: मार्गाची लांबी, फेऱ्या आणि धक्क्यावरची वीज तपासल्याशिवाय निविदेत इंधनाचं नाव घालू नका. इंधन तयार होण्यापासून ते जळेपर्यंतचं सगळं उत्सर्जन मोजायची अट घाला. चालू बोटीच्या धुराड्यावर मिथेन मोजून ते आकडे दरवर्षी जाहीर करा.

आपला,
फेरीने नेहमी प्रवास करणारा एक नागरिक