टॉवेल ऑनलाइन, मोजमाप अंदाजाचे

संपादक महोदय,

मार्च 2020 च्या टाळेबंदीत माग थांबले, बाहेरगावचे व्यापारी यायचे बंद झाले. तेव्हा सोलापुरातल्या कित्येक लहान यंत्रमागधारकांनी टॉवेल-चादरींचे फोटो व्हॉट्सॲपवर टाकायला सुरुवात केली. पुढे काहीजण विक्रीच्या पोर्टलवर गेले. गरजेपोटी केले ते बरेच झाले. पण दुकान मोबाइलवर आले तरी माल मोजायची रीत डझनाची आणि अंदाजाचीच राहिली. परत येणाऱ्या पार्सलांपैकी बरीच यामुळेच येतात.

30 बाय 60 इंची टॉवेल म्हणजे 1.16 चौरस मीटर. पोर्टलवर 450 जीएसएम (एका चौरस मीटरचे वजन ग्रॅममध्ये) लिहिले की वजन 523 ग्रॅमच्या आसपास भरलेच पाहिजे. ठोक व्यापारी हाताने चाचपून भाव पाडायचा, विषय मिटायचा. घरबसले गिऱ्हाईक टॉवेल थेट स्वयंपाकघरातल्या काट्यावर ठेवते! शिवाय सूत हवेतले पाणी धरते. पावसाळ्यात भरलेले वजन आपल्या उन्हाळ्यात भरत नाही. म्हणून एप्रिल-मेमधले वजन धरून आकडा लिहावा, आणि पहिल्या धुण्यात टॉवेल किती आटतो तेही.

रंगाचे तसेच. एकाच नंबरचा निळा दोन रंगाईत सारखा उतरत नाही. चार नगांच्या संचात दोन लॉट मिसळले की तक्रार ठरलेली. मालाच्या कोडात प्रकार, माप, जीएसएम आणि रंग असावा; रंगाईचा लॉट नंबर गठ्ठ्यावर वेगळा लिहावा. फोटो फ्लॅश बंद ठेवून, दिवसाउजेडी सावलीत काढावा.

कुरिअरवाले बहुधा लांबी, रुंदी, उंची सेंटिमीटरमध्ये गुणून 5000 ने भागतात आणि येईल ते किलोतले वजन भाड्यासाठी धरतात. 32 बाय 26 बाय 9 च्या खोक्यातला अर्ध्या किलोचा टॉवेल दीड किलोचा धरला जातो. तोच दाबून 5 सेंटिमीटर जाडीच्या पिशवीत बसवला तर 0.83 किलो.

आता मागांवर पिक, म्हणजे आडव्या धाग्याच्या फेऱ्या, मोजणारे डिजिटल काउंटर येत आहेत. ताण्याचा (उभा) धागा तुटला, आडव्या धाग्याची कांडी संपली, वीज गेली, बीम (ताण्याचा रूळ) बदलला, काउंटरला सगळे सारखेच: माग बंद. बंद पडण्याचे कारण नोंदवायची सोय नसेल तर विजेचा दोष कामगाराच्या नावावर चढतो. प्रशिक्षण शिबिरांत पोर्टलची नोंदणी शिकवतात, पण मोजमापाचे आणि नोंदीचे हे बारकावे कोणी शिकवत नाही. मजुरी काउंटरच्या आकड्यावर ठरणार असेल, तर निदान काउंटरचे तोंड कामगाराकडे असावे.

— यंत्रमाग व्यवसायातील काही जण, सोलापूर