लडाखच्या टूरच्या जाहिरातीत मुक्कामाची उंची पण छापा

मा. संपादक साहेब,
स.न.वि.वि.

आपल्या पेपरात टूरवाल्यांच्या जाहिराती येतात त्यात हल्ली लेह-लडाख नाही असा आठवडा जात नाही. पूर्वी आपल्याकडची मंडळी काशी करायची, चारधाम करायची, आता बेळगावातलं टिळकवाडी-शहापूर तर सोडाच, खानापूर-निपाणीकडचे रिटायर मास्तर, बँकवाले, भिशीतल्या बायका सगळेच निघालेत लडाखला. आणि जावंच, मी स्वतः गेल्या वर्षी ग्रुप टूरनं जाऊन आलोय, नुब्राची वाळू, पँगाँगचं तळं, हानलेचं आकाश, त्सो कारचं मीठ हे एकदा तरी बघावं असंच आहे. पण त्या जाहिरातीत सगळं असतं बघा, शुद्ध शाकाहारी जेवण, मराठी टूर मॅनेजर, थ्री स्टार हॉटेल, दोन वशिंडांच्या उंटावर बसायला मिळणार, फक्त कुठल्या रात्री किती उंचीवर झोपायचं ते नसतं. तेवढं छापायला लावा म्हणून हे पत्र.

उंचीचं एवढं काय असं वाटेल म्हणून थोडं सांगतो. बेळगाव समुद्रसपाटीपासून साधारण ७५० मीटरवर. लेह ३,५०० मीटर. दिल्लीहून विमानात बसलं की सव्वा-दीड तासात माणूस तिथं. हवेत ऑक्सिजन तिकडं पण २१ टक्केच असतो, पण हवेचा दाबच कमी, त्यामुळे लेहला एका श्वासात समुद्रकाठच्या मानानं ६५ टक्क्यांच्या आसपासच मिळतो आणि त्सो मोरीरी तळ्याकाठी, म्हणजे ४,५०० मीटरवर, जेमतेम ५७-५८. शरीर ह्याची सवय करून घेतं, पण त्याला दिवस लागतात, पैसे भरून ते लवकर होत नाही. डॉक्टर लोकांचा ठोकताळा असा की ३,००० मीटरच्या वर गेल्यावर झोपायची जागा एका रात्रीत ५०० मीटरपेक्षा जास्त वर सरकवायची नाही आणि तीन-चार दिवसांनी एक रात्र जादा त्याच उंचीवर काढायची. दिवसा खिंड चढून फोटो काढून खाली आलात तर त्याचा त्रास त्यामानानं कमी, रात्री कुठं पाठ टेकली त्यावर सगळं.

आता आमच्या टूरचा प्रोग्रॅम बघा. सकाळी लेहला उतरलो, हॉटेलात चहा-नाश्ता, आणि दुपारीच शांतीस्तूप आणि मार्केट. लेहला विमानानं आलेल्यांनी ४८ तास नुसता आराम करावा असं तिथलं प्रशासन सांगत असतं, पण आमच्या मॅनेजरचं म्हणणं, "झोपून राहिलात तर जास्त त्रास होतो, जरा फिरा." दुसऱ्याच दिवशी खारदुंग ला ही खिंड ओलांडून नुब्रा खोऱ्यात. ह्या खिंडीची पण गंमत आहे, बरीच वर्षं तिथल्या पाटीवर १८,३८० फूट लिहिलेलं आणि टूरवाले अजून तोच आकडा छापतात, खरी उंची ५,३५९ मीटर म्हणजे १७,५८० फुटांच्या आसपास भरते. खिंडीचा आकडा फुगवून छापायला जागा असते, झोपायच्या जागेचा खरा आकडा छापायला नसते!

नुब्रा तसं लेहपेक्षा खाली, हुंदर-डिस्किट ३,१०० ते ३,२०० मीटर, तिथं सगळ्यांना बरं वाटलं, जेवणं झाली, गाण्याच्या भेंड्या झाल्या. आणि तिथून दुसऱ्या दिवशी श्योक नदीच्या काठानं थेट पँगाँग, ४,२५० मीटर. एका रात्रीत हजार-अकराशे मीटर वर. नकाशावर बघितलं तर नुब्रा-पँगाँग रस्ता सोयीचा दिसतो, लेहला परत यायला लागत नाही, एक दिवस वाचतो, म्हणून सगळे टूरवाले हेच करतात.

त्या रात्री आमच्यातल्या एका वहिनींना खोकला सुरू झाला. साठीच्या आतल्या, रोज सकाळी फिरायला जाणाऱ्या बाई, बीपी-शुगर काही नाही. संध्याकाळी डोकं दुखत होतं, जेवल्या नाहीत, "गाडी लागली असेल" म्हणून सगळ्यांनी सोडून दिलं. रात्री अकराच्या पुढं आडवं पडलं की दम लागायला लागला, उठून बसलं की जरा बरं, नखं निळसर. मॅनेजरनं काय दिलं तर कापराची पुरचुंडी. ही पुरचुंडी प्रत्येकाला लेहलाच वाटलेली, हुंगत राहा म्हणजे ऑक्सिजन वाढतो म्हणे! कापूर हुंगून नाक मोकळं झाल्यासारखं वाटतं, रक्तात ऑक्सिजन कणभर वाढत नाही. मग तो हातात धरायचा ऑक्सिजनचा कॅन काढला, तो फुसफुस करून काही मिनिटांत संपला. मोठा सिलिंडर गाडीत आहे असं सांगितलेलं, तो होता, पण त्याला मास्कच नव्हता. ऑक्सिमीटर एकाच्या बॅगेत निघाला, त्यात ५८ दाखवत होतं, मॅनेजर म्हणाला थंडीनं चुकीचं दाखवतंय.

वाचवलं ते ड्रायव्हरनं. लडाखी पोरगा, तिशीचा पण नसेल, हिंदी मोडकं. तंबूत आला, वहिनींच्या पाठीला कान लावला आणि म्हणाला, "पानी भर गया, नीचे जाना है, अभी." छातीत पाणी होणं म्हणजे काय ते त्याला आमच्यातल्या कुणाहीपेक्षा जास्त कळत होतं. रात्रीच गाडी काढून तांगत्सेला नेलं, ते ३,९५० मीटरच्या आसपास, तिथं सरकारी दवाखाना आहे, तिथं ऑक्सिजन लावला, इंजेक्शन दिलं, दुसऱ्या दिवशी लेह, तिथून सरळ दिल्ली. आज वहिनी ठणठणीत आहेत. पण पँगाँगवरून लेहला यायचं म्हणजे चांग ला ही खिंड ओलांडावी लागते, ती ५,३०० मीटरच्या वर! म्हणजे खाली उतरायला आधी हजार मीटर वर चढायचं, आजारी माणसाला घेऊन. हे किती जणांना माहीत असतं? म्हणून तर म्हणतो की जिथून पटकन खाली येता येत नाही तिथं न्यायच्या आधी शरीर तयार पाहिजे.

आल्यावर आमच्या गल्लीतल्या सुभेदार मामांना हे सांगितलं. मराठा लाईट इन्फंट्रीतून रिटायर झालेले, लेह-सियाचीन सगळं बघितलेलं. ते आधी हसलेच. म्हणाले, "आमची विशीतली पोरं ओ, दगड फोडून खाणारी, तरी बारा हजार फुटापर्यंत सहा दिवस थांबवत होते. पहिले दोन दिवस तर बूट पण घालू देत नव्हते. आणि तुम्ही काय करूलालाय, साठीची माणसं एका दुपारात?" सैन्यात हे पक्कं ठरलेलं आहे, ९,००० ते १२,००० फूट पहिला टप्पा सहा दिवसांचा, १५,००० पर्यंत दुसरा चार दिवसांचा, त्याच्यावर तिसरा अजून चार. आपल्या बेळगावात मराठा सेंटर आहे, तालुक्यातल्या गावागावांत असे मामा बसलेत पारावर, आणि आपण सल्ला विचारतो कुणाला तर पॅकेज विकणाऱ्याला.

बाकीची टूर पुढं गेली, हानले, त्सो मोरीरी, त्सो कार. हानलेबद्दल एक सांगायलाच पाहिजे, तिथली मोठी दुर्बीण ४,५०० मीटरवर आहे पण ती चालवणारे शास्त्रज्ञ बसतात आपल्याच कर्नाटकात, बेंगळूरजवळ होसकोटेला, सॅटेलाइटवरून. हुशार माणसं! रात्रीचं आकाश मात्र काय वर्णावं, २०२२ साली तो भाग डार्क स्काय रिझर्व्ह, म्हणजे रात्री अंधार जपायचा राखीव भाग केलाय, गावातल्या लोकांनी खिडक्यांना जाड पडदे लावलेत. आमच्यातले निम्मे त्या रात्री डोकं धरून पांघरुणात. आकाश बघायला कोण बाहेर येतंय.

आणि त्सो कार. ज्याच्यासाठी मी नाव नोंदवलेलं ती ही जागा, ४,५३० मीटर. प्रोग्रॅममध्ये "फोटो स्टॉप" एवढंच. लांबून बर्फ पडल्यासारखं वाटतं, जवळ गेलं की पांढरी खपली, पाय ठेवला की कर्रकन मोडते आणि खाली काळा ओला चिखल, बूट रुततो. बोटावर घेऊन चाखलं, खारट कमी, कडवटच जास्त. हे मीठ येतं कुठून, तर ह्या खोऱ्यातनं पाणी बाहेर जायला वाटच नाही. डोंगरातनं येणारं पाणी जमिनीतले क्षार घेऊन येतं, उन्हा-वाऱ्यानं उडून जातं, क्षार मागं राहतात, हजारो वर्षं हेच. पाऊस म्हणाल तर लेहला वर्षाला १०० मिलिमीटर म्हणजे आमच्या आंबोलीत एका दिवसात पडतो तेवढा. शेजारी स्तार्त्सापुक त्सो म्हणून लहान तळं आहे, त्याचं पाणी ह्याच्यात येतं, म्हणून ते गोडं आणि हे खारट. चांगपा लोक, पश्मिना बकऱ्या राखणारे, पूर्वी इथलं मीठ गोळा करून मेंढ्यांच्या पाठीवर लादून खाली न्यायचे आणि बदल्यात सातू आणायचे. काळ्या मानेचे क्रौंच इथं अंडी घालतात, २०२० पासून हे रामसर स्थळ, म्हणजे आंतरराष्ट्रीय महत्त्वाची पाणथळ जागा आहे. आमच्या पुढं एक दुसरी टूर होती, त्यांनी इनोव्हा थेट त्या खपलीवर घातली रील काढायला, चाकोऱ्या पार तळ्यापर्यंत. आमचा ड्रायव्हर त्यांच्यावर ओरडला तर म्हणतात, "पैसे भरलेत भाऊ." हे सगळं मला ड्रायव्हरनं आणि आधी वाचून गेलो म्हणून कळलं, टूर मॅनेजर गाडीत एसएमएस बघत बसलेला, तिकडं रेंज नाही तरी. वीस मिनिटांत शिट्टी वाजली, चला.

माझा भाचा कंपनीच्या कामानं चिलीला होता, तो तिकडून बोलिव्हियातलं उयुनीचं मीठ बघून आला. ते तर १०,००० चौरस किलोमीटरच्या वर, आपला अख्खा बेळगाव जिल्हा १३,४०० म्हणजे अंदाज करा. तिथं पण जीपच्या तीन दिवसांच्या टूर, निघतात चिलीतल्या सान पेद्रो गावातून २,४०० मीटरवरून आणि पहिलाच मुक्काम ४,३०० च्या आसपास. भाचा म्हणाला रात्रभर सगळी जीप ओकत होती, गोरे काय आणि आपण काय. त्यांच्याकडं कापराऐवजी कोकाची पानं चघळायला देतात. उलट बाजूनं, उयुनीकडून सुरू केलं तर आधी ३,६५० वर रात्री काढता येतात आणि मग वर जाता येतं, तेवढं एक तरी तो आता सगळ्यांना सांगत असतो.

लडाखचं पण असंच जमवता येतं. लेहला दोन नाही तीन रात्री आधी, मग नुब्रा, आणि पँगाँगच्या आधी तांगत्सेला एक मुक्काम. किंवा विमान सोडून श्रीनगरकडून रस्त्यानं जायचं, सोनमर्ग, कारगिल दोन्ही २,७०० च्या आसपास, चढण हळूहळू होते. मनालीकडून जाणाऱ्यांनी सरचूच्या तंबूत झोपायचं टाळावं, ते ४,२०० च्या वर. उंचीचा त्रास होऊ नये म्हणून घेतात ती डायमॉक्सची गोळी आपल्या डॉक्टरांना विचारून घ्यावी, सल्फाची ॲलर्जी असलेल्यांनी तर विचारल्याशिवाय नाहीच. आणि एखाद्याला त्रास झाला की पुढची उंची रद्द, मग ग्रुप काय म्हणेल ते म्हणू दे.

खडेबाजारकडच्या एका एजंटला मी हे बोललो. तो सरळ माणूस आहे, म्हणाला, "काका, लेहला एक रात्र वाढवली की माणशी तीन-चार हजार वाढतात, आणि शेजारचा सहा रात्रीत सगळं दाखवतो म्हटल्यावर गिऱ्हाईक तिकडं जातंय. उंची लिहिली तर घाबरतात पण." त्याचं पण खोटं नाही, आपणच विचारतो ना, पँगाँग आहे का, हानले आहे का, त्सो मोरीरी का नाही, ह्याच पैशात बसवा की. गोवा एक्स्प्रेसनं दिल्लीपर्यंत जायला दीड दिवस लागला तर कुरकुर नाही, लेहला दीड दिवस पडून राहा म्हटलं की पैसे फुकट गेले. पण एकट्यानं छापलं तर तो मरतो, सगळ्यांना छापायला लागलं तर कुणीच मरत नाही, म्हणून आपल्याकडं मागणं आहे.

लडाख, स्पिती अशा टूरची जाहिरात घेताना आपल्या जाहिरात विभागानं एवढंच मागावं: प्रत्येक रात्रीच्या गावापुढं मीटरमध्ये उंची, आणि गाडीत मास्कसकट सिलिंडर आहे की नाही. पुढच्या मोसमाचं बुकिंग जानेवारी-फेब्रुवारीत सुरू होतं, त्याच्या आधी ठरलं तर बरं. आणि मराठा सेंटरमधल्या एखाद्या निवृत्त डॉक्टरांचा नाहीतर सुभेदारांचा ह्या विषयावर लेख रविवारच्या पुरवणीत घेतलात तर कात्रण आमच्या भिशीत मीच वाटतो.

कळावे,
आपला एक वाचक,
शहापूर, बेळगाव