जांभळी नाक्यावरून खाडीकडे: सांस्कृतिक कार्य मंत्र्यांना खुले पत्र

मा. सांस्कृतिक कार्य मंत्री, महाराष्ट्र राज्य
यांस सप्रेम नमस्कार.

माझं लहानपण ठाण्याच्या खारकर आळीत गेलं. जांभळी नाक्यावरून घरी येताना धान्याची दुकानं लागायची, गुळाचा आणि गोणपाटाचा वास यायचा, हातगाडीवाल्याची ‘चला, बाजूला’ अशी हाक ऐकू यायची. आजी मात्र स्टेशनकडे पाठ करून उभी राहायची आणि सांगायची, ‘गाव तिकडून नाही, खाडीकडून सुरू होतं.’

तिचं बरोबरच होतं. १६ एप्रिल १८५३ रोजी बोरीबंदरहून पहिली गाडी आली आणि ठाण्याचं तोंड रुळांकडे वळलं. त्याआधी शेकडो वर्षं माणसं आणि माल गलबतांतून, खाडीनेच यायचा. त्या खाडीवर नजर ठेवायला पोर्तुगीजांनी १७३० साली किल्ला बांधायला घेतला. तो पुरा होण्याआधीच, १७३७ मध्ये, चिमाजी अप्पांच्या मोहिमेत मराठ्यांनी तो जिंकला. १७७४ च्या डिसेंबरअखेर इंग्रज आले. तोच किल्ला आज मध्यवर्ती कारागृह आहे.

दुसऱ्या बाजीराव पेशव्याचे कारभारी त्र्यंबकजी डेंगळे इथे इंग्रजांच्या कैदेत होते; या तटाआडून १८१६ साली ते निसटले. बाहेर घोड्याला खरारा करणारा मोतद्दार मराठी गाण्यांतून त्यांना निरोप द्यायचा आणि गोऱ्या पहारेकऱ्यांना त्यातलं अक्षरही कळायचं नाही, अशी कथा आहे. आम्ही मुलं ती पुन्हा पुन्हा ऐकायचो. १९ एप्रिल १९१० रोजी इथेच नाशिकचा कलेक्टर जॅक्सन याच्या वधाबद्दल अनंत कान्हेरे, कृष्णाजी कर्वे आणि विनायक देशपांडे फाशी गेले. अनंत अवघा अठरा वर्षांचा होता. इतिहास याहून कितीतरी मागेही जातो. १७८७ मध्ये किल्ल्यात पाया खणताना शिलाहार राजा अरिकेसरीचा १०१७ सालचा ताम्रपट निघाला. म्हणजे खणणाऱ्याच्या पहारीला लागला, म्हणून तो आपल्याला मिळाला.

आता घराचं सांगते. आमचा वाडा काही वर्षांपूर्वी पाडला. त्याला मोडकळ आली होती, इमारत हवी होती, त्याबद्दल तक्रार नाही. पण दाराचा दगडी उंबरठा मध्यभागी बोटभर झिजलेला होता, चार पिढ्यांच्या पायांनी. तो जपून ठेवा म्हणून मी ठेकेदाराला दोनदा सांगितलं होतं. तिसऱ्या दिवशी गेले तर डंपर भरून निघून गेला होता. त्या उंबरठ्याचा माझ्याकडे एक फोटोसुद्धा नाही.

जुन्या ठाण्यात अशी घरं दर महिन्याला कमी होताना दिसतात. पुनर्विकास थांबवा, असं मी म्हणत नाही. गळक्या छपराखाली राहणाऱ्याला ते सांगायचा मला अधिकार नाही. मागणी एवढीच की जुनं घर पाडण्याआधी त्याची नोंद सक्तीची करा: मोजमाप, फोटो, आणि घरातल्या वडीलधाऱ्यांनी सांगितलेली हकिगत. पुरातत्त्व आणि वस्तुसंग्रहालये संचालनालय आपल्याच खात्यात आहे. त्यांची दोन माणसं आणि एक कॅमेरा महिनाभर जांभळी नाक्यावरून खाडीकडे जाणाऱ्या या रस्त्याला मिळाला तरी बरंच हाती लागेल. कारागृहाच्या आत जाता येत नाही हे मान्य, पण बाहेरच्या भिंतीपाशी मराठीत एक ठळक फलक लावायला काय हरकत आहे?

आमच्या शेजारच्या आजी आता नव्वदीच्या पुढे आहेत. कोणत्या वाड्यात कोण राहायचं, हे त्या नाक्यापासून ओळीने सांगतात. नोंदीचं काम त्यांच्यापासून सुरू करा, आणि पावसाळ्याआधी करा.

आपली नम्र,
खारकर आळीची एक लेक, ठाणे