अठराव्या क्रमांकाचीही बातमी छापा

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

फिगर स्केटिंगची, म्हणजे बर्फावर संगीताच्या साथीने उड्या-गिरक्या घेण्याच्या खेळाची बातमी आपल्या क्रीडा पानावर येते ती ऑलिंपिकच्या वेळी, फार तर जागतिक स्पर्धेच्या वेळी. रंगीत छायाचित्र असते, विजेत्याचे नाव असते, आणि दुसऱ्या दिवशी विषय संपतो. त्या बातमीबद्दल माझी काहीच तक्रार नाही. पण या खेळाच्या दुसऱ्या फळीतल्या आंतरराष्ट्रीय स्पर्धा ऑगस्ट-सप्टेंबरपासून पुढे जवळपास प्रत्येक आठवड्यात कुठे ना कुठे चालू असतात, आणि त्यांना मराठी वृत्तपत्रांत ओळभरही जागा मिळत नाही. ती मिळावी, एवढ्यासाठी हे पत्र.

मी दर्यापूर तालुक्यातल्या एका शाळेत शारीरिक शिक्षण शिकवते. उन्हाळ्यात इथे पारा पंचेचाळीसच्या घरात जातो, तेव्हा बर्फावरच्या खेळाशी आमचा काय संबंध, असे कोणालाही वाटेल. संबंध चाकांचा आहे. आमच्या मुली चाकांचे स्केट घालून बाजार समितीच्या सिमेंटच्या शेडमध्ये सराव करतात. दसऱ्यापासून तिथे सोयाबीन येते, मग कापूस, मग तूर. शेड भरले की आम्ही शाळेच्या व्हरांड्यात. कापसाच्या दिवसांत तर जमिनीवरचे तंतू चाकाच्या दांड्याला असे आवळून बसतात की चाक फिरायचेच थांबते. पाना लावून चाक उतरवायचे, बेअरिंगमध्ये अडकलेले तंतू सुईने एकेक करून काढायचे, थोडे तेल सोडायचे, चाक पुन्हा चढवायचे. हे काम मुली माझ्याहून सफाईने करतात. चाकांवरच्या कलात्मक स्केटिंगमध्ये २०१० च्या ग्वांगझू आशियाई खेळांत हैदराबादच्या अनुपकुमार यामाने एकेरीत कांस्य जिंकले, आणि अवनी पांचाळबरोबर जोडीतही. उड्यांची नावे, गिरक्यांची घडण, संगीतावर बसवलेला कार्यक्रम, हे सगळे बर्फावरच्या खेळाशी मिळतेजुळते. म्हणून आम्ही बर्फावरच्या स्पर्धा फोनवर बघतो, आणि ज्या महिन्यांत आमचे शेड धान्याने भरलेले असते, नेमक्या त्याच महिन्यांत त्या दुसऱ्या फळीच्या स्पर्धा चालू असतात.

ही फळी म्हणजे काय, ते थोडे सांगते. वरच्या बाजूला सहा ग्रां प्री स्पर्धा. तिथे कोणीही उठून जाऊ शकत नाही. क्रमवारी आणि आधीच्या मोसमातली कामगिरी पाहून बोलावणे येते. त्यांच्या खाली चॅलेंजर मालिका, जी आंतरराष्ट्रीय स्केटिंग संघटनेने २०१४-१५ च्या मोसमात सुरू केली. मालिका नवी असली तरी तिच्यातल्या काही स्पर्धा जुन्या आहेत. झाग्रेबची गोल्डन स्पिन १९६७ पासूनची, जर्मनीतली नेबेलहॉर्न ट्रॉफी १९६९ पासूनची. ब्रातिस्लाव्हाची स्पर्धा १९७२ चा ऑलिंपिक विजेता ओंद्रेय नेपेला याच्या नावाने होते, अल्माटीची २०१४ चा कांस्यपदक विजेता डेनिस टेन याच्या. आणि नेबेलहॉर्न जिथे होते ते ओबर्स्टडॉर्फ हे आल्प्समधले एक गाव आहे, वस्तीने आमच्या दर्यापूरहून कितीतरी लहान. मोठे खेळ मोठ्या शहरातच होतात, हा समज आमच्याकडे फार घट्ट आहे, म्हणून मुद्दाम लिहिले. चॅलेंजरच्याही खाली रिगा, बुडापेस्ट, सोफिया अशा ठिकाणच्या आणखी लहान स्पर्धा असतात. तिथे स्टँडमध्ये बहुतेक पालक आणि प्रशिक्षकच दिसतात.

पण इतिहास या दुसऱ्या फळीतही घडतो. साडेचार फेऱ्यांची चौपट अॅक्सल ही उडी माणसाच्या आवाक्यातली नाही, असे अनेक वर्षे म्हटले जात होते. ती स्पर्धेत पहिल्यांदा पूर्ण केली सतरा वर्षांच्या इलिया मालिनिनने, १४ सप्टेंबर २०२२ रोजी, अमेरिकेतल्या लेक प्लॅसिडच्या चॅलेंजर स्पर्धेत. त्याआधी २०१६ मध्ये जपानच्या युझुरू हान्यूने जगातला पहिला चौपट लूप (चार फेऱ्यांची आणखी एक उडी) मारला तोही माँट्रियलच्या चॅलेंजर स्पर्धेत, आणि तेव्हा तो ऑलिंपिक विजेता होता. कारण सरळ आहे. नवी उडी ऑलिंपिकमध्ये पहिल्यांदा मारून कोणी बघत नाही. मोसमाच्या सुरुवातीला, जिथे पडले तरी सारे वर्ष वाया जात नाही, तिथे ती आजमावली जाते.

माझ्या दृष्टीने याहून महत्त्वाची गोष्ट किमान तांत्रिक गुणांची. जागतिक स्पर्धेला किंवा युरोपाबाहेरच्या देशांच्या चार खंड स्पर्धेला जायचे तर देशाने नाव पाठवून भागत नाही. स्पर्धेत प्रत्येकाला एक छोटा आणि एक मोठा असे दोन कार्यक्रम करावे लागतात; खेळाडूने त्या दोन्ही कार्यक्रमांत ठरलेले किमान तांत्रिक गुण, म्हणजे उड्या-गिरक्यांचे गुण, एखाद्या मान्यताप्राप्त आंतरराष्ट्रीय स्पर्धेत मिळवलेले असावे लागतात. एका स्पर्धेत छोट्याचे आणि दुसरीत मोठ्याचे मिळाले तरी चालते. ज्या देशांच्या खेळाडूंना ग्रां प्रीचे बोलावणे येत नाही त्यांना हे गुण कुठे मिळणार? याच लहान स्पर्धांत. म्हणजे एखादी मुलगी अठरावी आली, पण मोठ्या कार्यक्रमात तिचे किमान गुण झाले, तर त्या दिवशी तिच्यासाठी जागतिक स्पर्धेचे दार उघडले. आपल्या पानावर ती आलीच तर "निराशा" या मथळ्याखाली येईल.

प्रत्येक स्पर्धेनंतर सविस्तर गुणपत्रिका प्रसिद्ध होते. कोणत्या उडीचे मूळ मोल किती, प्रत्येक पंचाने वजा पाच ते अधिक पाच यांपैकी काय दिले, कुठे फेरी अपुरी पडली, सारे त्यात असते. मी ती झेरॉक्सच्या दुकानातून छापून आणते आणि मुलींकडून वाचून घेते. दुहेरी अॅक्सलला ३.३० गुण, तिहेरीला ८, चौपटीला १२.५०. फेरी पाव वळणाहून जास्त कमी पडली की मूळ मोलच घटते. पडले तर शिक्षेचा एक गुण एकूण बेरजेतून वजा होतो, तांत्रिक गुणांतून नाही. म्हणून पडूनही किमान गुण गाठता येतात. अशाच एका स्पर्धेचा कागद वाचत असताना आठवीतली एक मुलगी बोट ठेवून म्हणाली, "मॅडम, हिचे तर गुण पुरे झाले, मंग थे पेपरात काहून नाही आली?" मला उत्तर देता आले नाही. ते आपण द्यावे.

उष्ण देशांतून आलेले खेळाडू वर पोचले तेही याच वाटेने. फिलिपिन्सचा मायकेल मार्टिनेझ मॅनिला परिसरातल्या मॉलच्या रिंकवर शिकला. २०१३ च्या नेबेलहॉर्नमध्ये सातवा येऊन त्याने सोची ऑलिंपिकची जागा मिळवली आणि तिथे देशाचा एकटा खेळाडू म्हणून झेंडा घेऊन चालला. २०१७ मध्ये त्याच स्पर्धेतून मलेशियाच्या ज्युलियन यीने जागा काढली; मलेशिया हिवाळी ऑलिंपिकमध्ये पहिल्यांदा उतरला तो पुढच्याच वर्षी. सातवा क्रमांक, सहावा क्रमांक. पदक नाही, व्यासपीठ नाही. पण त्यांच्या देशातल्या मुलांना त्या दिवशी कळले की आपल्यालाही हे जमू शकते, आणि ते कळले कारण तिथल्या वृत्तपत्रांनी ते छापले.

आपल्याकडे आजवर एकही फिगर स्केटर ऑलिंपिकच्या बर्फावर उतरलेला नाही. अमेरिकेत वाढलेली तारा प्रसाद भारताकडून खेळते. २०२५ च्या हार्बिन आशियाई हिवाळी खेळांत ती पहिल्या दहांत होती. डेहराडूनचे रिंक २०११ च्या दक्षिण आशियाई हिवाळी खेळांसाठी बांधले, मग बरीच वर्षे बंद पडून होते, आणि २०२५ मध्ये पुन्हा सुरू होऊन तिथे शॉर्ट ट्रॅकची, म्हणजे बर्फावरच्या वेगाच्या शर्यतींची आशियाई स्पर्धा झाली. रिंक बंद होते त्या वर्षांत त्याची आठवण किती जणांनी काढली? जो खेळ पानावर दिसत नाही त्याचे रिंक बंद पडले तरी कोणाला जाब विचारावासा वाटत नाही.

विदर्भाच्या वाचकाला हे पटवावे लागू नये. रणजीत आपला संघ कैक वर्षे प्लेट गटात, खालच्या पायरीवर खेळत होता. मुंबई-दिल्लीच्या सामन्यांचे रकाने भरत, आणि आपले धावफलक बारीक टायपात शेवटी लागत. पण लागत. माझे वडील ते रोज वाचत, आणि त्यातली नावे आमच्या घरात सगळ्यांना पाठ होती. म्हणूनच २०१७-१८ मध्ये इंदूरला दिल्लीला हरवून विदर्भाने रणजी जिंकली तेव्हा ते खेळाडू आम्हाला परके वाटले नाहीत. त्या बारीक टायपाने प्रेक्षक तयार करून ठेवला होता. अमरावतीची तर या बाबतीत आणखी जुनी परंपरा आहे. हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाचे पथक १९३६ साली बर्लिन ऑलिंपिकच्या वेळी कबड्डी आणि इतर देशी खेळ दाखवायला गेले होते. तिथे पदक मिळणार नव्हतेच, तरी आपण त्याचा अभिमान आजही बाळगतो, आणि तो योग्यच आहे.

जागेची अडचण असते, हे समजते. क्रिकेटचे वाचक जास्त, जाहिरातीही त्याच्याच. मी अर्धे पान मागत नाही. सप्टेंबर ते डिसेंबर या काळात सोमवारच्या अंकात चार ओळी पुरेत: स्पर्धा कुठे झाली, पहिले तीन कोण, भारतीय खेळाडू असेल तर तिचा क्रमांक, तिचे तांत्रिक गुण आणि किमान गुण झाले की नाही. क्रमांक अठरावा असो की सव्विसावा, तो लिहावा, आणि त्याच्यापुढे "निराशाजनक" हा शब्द लावू नये. चाकांवरच्या स्केटिंगच्या जिल्हा आणि राज्य स्पर्धांचे निकाल आज आपल्याकडे फक्त विजेत्याच्या शाळेने छायाचित्र पाठवले तरच येतात. तेही याच चौकटीत बसवता येतील.

गुणपत्रिका वाचून मराठीत चार ओळी लिहून देणारे कोणी आपल्या कार्यालयात नसेल, तर ते काम मी करीन. रविवारी रात्रीपर्यंत मजकूर पाठवीन, मानधन नको. मुलीही मदतीला आहेत, त्यांना आता ते कागद माझ्याइतकेच वाचता येतात.

कळावे,
आपली नियमित वाचक,
एक शारीरिक शिक्षण शिक्षिका
ता. दर्यापूर, जि. अमरावती