ॲपलचा तिसरा माणूस

संपादक साहेब, नमस्कार.

रविवारच्या पुरवणीतला ॲपलवरचा लेख वाचला, चांगला होता, पण परत तेच हो, दोन स्टीव्ह (वॉझनियॅक आणि जॉब्स), गॅरेज, एकाचं डोकं आणि दुसऱ्याची जिद्द. माईक मार्कुलाचं नाव अख्ख्या लेखात एकदाच आणि तेही "गुंतवणूकदार" एवढंच. मी सांगलीत वीस वर्षं कॉम्प्युटर विकलेत, त्यामुळे मला ते जरा लागलं, म्हणून हे पत्र.

मार्कुला नुसता पैसेवाला शेठ नव्हता. शिकलेला इंजिनिअर, पण आधी फेअरचाइल्ड आणि मग इंटेल या चिप बनवणाऱ्या कंपन्यांमध्ये त्याने मार्केटिंग केलं, शेअर्सवर पैसा झाला आणि बत्तिसाव्या वर्षी गडी रिटायर! 1976 च्या शेवटी सोनेरी कॉर्व्हेट गाडी घेऊन तो जॉब्सच्या गॅरेजपाशी आला. समोर दोन केस वाढलेली पोरं, पण त्याने पोरांकडे नाही, टेबलावरच्या मशीनकडे बघितलं. अडीच लाख डॉलर लावले, थोडं भांडवल थोडं कर्ज, आणि तिघांचा हिस्सा सारखा. बायकोला म्हणे शब्द दिला की चारच वर्षं काम करणार.

पैसे कुणीही दिले असते असं मी म्हणणार नाही, पण खरं काम पुढे आहे. वॉझनियॅक एचपी (ह्युलेट-पॅकार्ड) कंपनीतली नोकरी सोडायला तयार नव्हता, मार्कुला अडून बसला की सोडलीच पाहिजे. कंपनी कशी विकायची ते त्याने एका कागदावर लिहून काढलं, फक्त एक पान, त्यात तीन गोष्टी. गिऱ्हाईकाला काय वाटतं ते दुसऱ्या कुठल्याही कंपनीपेक्षा आपल्याला जास्त कळलं पाहिजे. मोजकंच करायचं, बाकी सोडून द्यायचं. आणि तिसरी, ज्याला त्याने इम्प्यूट म्हटलं, म्हणजे आपलं शितावरून भाताची परीक्षा. माल कितीही भारी असू दे, खोकं आणि माहितीपत्रक गबाळं असेल तर लोक मालालाही गबाळाच समजणार. आज नवीन फोनचं झाकण हळू हळू सरकत उघडतं ना, ते या तिसऱ्या मुद्द्यातून आलंय.

एप्रिल 1977 मध्ये सॅन फ्रान्सिस्कोच्या कॉम्प्युटर मेळ्यात ॲपल टू हा त्यांचा कॉम्प्युटर पहिल्यांदा लोकांसमोर आला. दारातून आत शिरल्या शिरल्या समोर यांचाच स्टॉल, काळं मखमल, मागे दिवे लावलेला लोगो. पूर्ण तयार झालेली मशिनं फक्त तीन, मागे रिकामी खोकी रचून ठेवलेली की बघणाऱ्याला वाटावं गोडाऊन भरलंय. दोन्ही स्टीव्हना सूट घालायला लावलं, लोकांशी कसं वागायचं बोलायचं तेही पढवलं. आता कुणी म्हणेल ही फसवाफसवी, पण दिवाळीत आम्ही पण काऊंटरमागे रिकामी खोकी रचायचो, दुकान भरलेलं दिसलं नाही तर गिऱ्हाईक पायरी चढत नाही.

मला सगळ्यात आवडतो तो फ्लॉपीचा किस्सा. मार्कुला घरचा चेकबुकचा हिशोब ॲपल टूवर ठेवायचा, त्यासाठी प्रोग्राम त्याने स्वतःच लिहिलेला (जॉनी ॲपलसीड या नावाने तो प्रोग्राम लिहायचा). तेव्हा सगळं कॅसेटवर. टेप लावा, दोन मिनिटं प्रोग्राम चढतोय, अजून दोन मिनिटं चेकची माहिती चढतेय, तोपर्यंत माणूस वहीत लिहून मोकळा. वैतागून त्याने डिसेंबर 1977 च्या मीटिंगला कामांची यादी केली आणि सगळ्यात वर लिहिलं, फ्लॉपी डिस्क. वॉझनियॅकने नाताळची सुट्टी घालवून जानेवारीत लास व्हेगासच्या प्रदर्शनापुरतं ते चालवून दाखवलं. डिस्क नसती तर 1979 ला आलेलं व्हिजिकॅल्क, म्हणजे आकड्यांचे तक्ते मांडून हिशोब करणारा प्रोग्राम, कॅसेटवर कोण वापरणार होतं? आणि त्या व्हिजिकॅल्कसाठी तर हिशोबवाले लोक ॲपल टू घ्यायला लागले. माझ्या दुकानात पण प्रत्येक जण हेच विचारायचा, "हे घेऊन मी करू काय?" मार्कुलाने स्वतःच्या घरचा हिशोब घेऊन तो प्रश्न सोडवला, आमच्याकडे येणारे कंपनीचे सेल्सवाले नुसते मेगाहर्ट्झ, म्हणजे मशीनचा वेग, सांगत बसायचे.

सगळंच बरोबर आलं असं नाही. दोन वर्षांत फॉर्च्युन 500 मध्ये, म्हणजे अमेरिकेतल्या सगळ्यात मोठ्या पाचशे कंपन्यांच्या यादीत, जाऊ म्हणाला होता, गेले 1983 ला. आणि 1985 ला कंपनी कुणी चालवायची, जॉब्सने की तेव्हाचा सीईओ जॉन स्कलीने, असा प्रश्न आला तेव्हा तो स्कलीच्या बाजूने उभा राहिला, जॉब्स कंपनी सोडून गेला, ते त्याच्या मनात राहिलं असणारच.

1997 ला जॉब्स परत आला आणि जुनं संचालक मंडळ बदलायचं ठरवलं. मार्कुलाकडे मात्र तो स्वतः गेला, त्याच्या वुडसाइड गावातल्या घरी, दोघं रेडवुडच्या झाडांत चालत गेले आणि तिथे त्याने राजीनामा मागितला. मार्कुलाने दिला. बायकोला सांगितलेल्या चार वर्षांची तोवर वीस झाली होती.

आपला,
एक जुना दुकानदार, सांगली