तुझी शाल माझ्याकडे आहे

प्रिय बाळू,

सहा महिने तुला एक ओळ लिहिली नाही. तू दोनदा फोन केलास आणि दोन्ही वेळा तुझ्या वहिनीने मी अंघोळीला गेल्याचं सांगितलं. गेलो नव्हतो. समोर खुर्चीत बसून तिला खुणा करत होतो. तब्येत बरी आहे. साखर आहे तिथेच आहे.

फोनवर तू मला वाक्य पुरं करू देणार नाहीस, म्हणून लिहितोय. २६ जुलैला नातवाच्या शाळेत माजी सैनिकांचा सत्कार झाला. आम्हा चौघांना व्यासपीठावर बसवलं होतं. सूत्रसंचालन करणाऱ्या बाईंनी माझ्याबद्दल कागदावरून वाचायला सुरुवात केली. द्रासच्या वर रात्री खेचरांवर राशन चढवत असताना गोळे पडू लागले, एक खेचर कोसळलं, तेव्हा या वीराने त्याच्यावरचं ओझं स्वतःच्या पाठीवर घेतलं आणि चौकीपर्यंत पोचवलं. टाळ्या. शाल. नारळ.

मी उठलो, हात जोडले, घेतलं आणि बसलो.

तो कागद नातवाच्या निबंधावरून केलेला होता. पोराला गोष्ट मीच सांगितली होती, आणि तुझं नाव घेऊनच सांगितली होती, आईशप्पथ. पण सांगताना माझ्या तोंडी सारखं ‘आम्ही’ यायचं. आम्ही निघालो, आम्ही पोचलो. आपल्या कंपनीत ‘मी’ म्हणायची पद्धतच कुठे होती? पोराने त्या ‘आम्ही’चं ‘माझे आजोबा’ केलं. त्या रात्री मी खाली डेपोत इश्यू व्हाउचरवर सह्या मारत होतो, हे तुझ्याएवढं दुसऱ्या कुणाला ठाऊक आहे?

आता तू म्हणशील, ‘तेव्हाही तू असाच होतास, बटाट्यांच्या वेळी.’ ते चाळीस किलो बटाटे वाळून घटले होते, बाळू. आजही मी तेच म्हणेन. तीन महिने तू माझ्याशी बोलला नाहीस आणि लंगरात माझ्या ताटाकडे बघून ‘घट बरीच भरून आलेली दिसते’ म्हणालास, ते मी विसरलेलो नाही.

तर मनात हे सगळं घेऊन डिसेंबरात लेकीकडे डर्बनला गेलो. जावईबापूंनी गाडी काढली आणि चार-साडेचार तासांवरच्या रोर्क्स ड्रिफ्टला नेलं. ‘बाबा, तुमच्या खात्याचा माणूस आहे इथे,’ म्हणाले. मी आपला फिरायला म्हणून गेलो. बघतो तर खरंच आपल्या खात्याचा. जेम्स लँगली डाल्टन. १८४९ मध्ये ८५ व्या पलटणीत भरती झाला, १८६२ मध्ये कमिसरियटमध्ये आला, म्हणजे आपल्यासारखाच पीठ-मीठवाला. १८७१ मध्ये पेन्शनीत निघाला. पुढे दक्षिण आफ्रिकेत गेला, तिथे इंग्रजांची युद्धं लागली आणि पुन्हा त्याच खात्यात हंगामी साहाय्यक म्हणून उभा राहिला. तूही एसटी डेपोच्या स्टोअरला पुन्हा लागलासच की. खोड जात नाही.

२२ जानेवारी १८७९. दुपारी जवळच्या इसांडलवानाला तिथल्या झुलू लोकांनी इंग्रजांची छावणी कापून काढली, तेराशेच्या वर माणसं पडली. तिथून तीन-चार हजार झुलू या रोर्क्स ड्रिफ्टच्या ठाण्याकडे वळले. ठाणं कसलं, एका स्वीडिश मिशनऱ्याच्या दोन इमारती. एकीत दवाखाना, दुसरीत आपलं गोदाम. माणसं दीडशेच्या आतबाहेर, त्यांत आजारी. पळावं की थांबावं यावर खल चालला होता. डाल्टन म्हणाला, आजाऱ्यांच्या गाड्या घेऊन उघड्या माळावर निघालो तर ते आपल्याला गाठतील. थांबायचं. आणि भिंत कशाची? मक्याची पोती आणि बिस्किटांच्या पेट्या! पोतं दोनशे पौंडांचं, म्हणजे आपल्या क्विंटलच्या गोणीपेक्षा थोडं हलकं. पेटी साधारण शंभर पौंडांची.

ती भिंत कुठून कुठे गेली होती ते जमिनीवर दगडांच्या रांगांनी दाखवलंय. मी त्या रांगेवरून चालत गेलो आणि मनात थप्पी लावत होतो. छातीपर्यंत यायची तर किती थर, कोपऱ्यात गोण्या आडव्या-उभ्या कशा बांधायच्या, खालच्या गोणीचं तोंड आत ठेवायचं म्हणजे फुटली तरी मका आपल्याच बाजूला सांडेल. जावईबापू फोटो काढत होते. त्यांना काय सांगू? तू असतास तर तिथेच भांडला असतास, की पेट्या खाली आणि गोण्या वर का नको.

डाल्टनच्या खांद्याला गोळी लागली, तेव्हा त्याने हातातली बंदूक शांतपणे चार्डकडे दिली. चार्ड हा ठाण्याचा प्रमुख, इंजिनियर. डाल्टनचा जोडीदार डन, तोही आपल्याच खात्याचा, उघड्यावर उभा राहून गोण्यांच्या ढिगाचा शेवटचा बुरूज रचत होता. बर्न म्हणून स्टोअरकीपर होता, तो एका जखमीला पाणी पाजताना गेला. बाळू, पाणी पाजताना.

आणि आता ऐक. चार्ड आणि ठाण्यातल्या पलटणीचा अधिकारी ब्रॉमहेड यांची व्हिक्टोरिया क्रॉस, म्हणजे इंग्रजांचं शौर्याचं सर्वोच्च पदक, मे महिन्यात जाहीर झाली. थांबायचा सल्ला ज्याचा होता असं बहुतेक इतिहासकार मानतात, तो डाल्टन त्या यादीत नव्हता. त्याचं नाव १७ नोव्हेंबरला आलं. डनची शिफारस झाली होती, त्याला शेवटपर्यंत मिळालंच नाही. डाल्टन १८८७ मध्ये पोर्ट एलिझाबेथला वारला.

हे वाचताना मला डाल्टनच्या जागी तू दिसलास, आणि चार्डच्या जागी मी. चार्डने निदान अहवालात डाल्टनचं नाव घेतलं होतं. मी व्यासपीठावर तेवढंही केलं नाही.

तिथे झुलूंचंही स्मारक आहे. ढालींच्या राशीवर काशाचा बिबट्या. मी त्याच्यापाशी जास्त वेळ बसलो. मुलूख त्यांचा, चाल करून गेलेले इंग्रज. वर ते झुलू दोन दिवसांचे उपाशी होते म्हणतात. उपाशी माणसं लढत होती आणि आड भिंत कशाची, तर धान्याची. साडेतीनशेहून जास्त झुलू मेले, जखमींना दुसऱ्या दिवशी मारून टाकलं. डाल्टनच्या थप्पीचं कौतुक करताना हे गिळून टाकता येईना. मी गप्प आहे बघून जावईबापूंनी पाण्याची बाटली पुढे केली.

बरं, धाकटीचं जमल्याचं कळलं. फार आनंद झाला, मुलगा सांगलीचा हे बरं. गुडघ्याचं ऑपरेशन लांबवू नकोस. वैनींना नमस्कार.

आता मुद्द्याचं. नातवाचा तो निबंध शाळेच्या वार्षिक अंकात छापायला घेतलाय. शिक्षकांना चिठ्ठी लिहायला तीनदा बसलो. खरं सांगितलं तर पोराचं वर्गात हसं होईल, तो आठवीत आहे, त्या वयात किती लागतं तुला माहीत आहे. नाही सांगितलं तर ते छापलं जाईल आणि मी मेल्यावरसुद्धा तुझं खेचर माझ्या नावावर चरत राहील. तुझ्या वहिनीचं म्हणणं, पोरालाच समोर बसवून सांगा, दुरुस्ती त्यालाच करू दे. मला ते पटतंय, पण आधी तुझ्या तोंडून चार शिव्या ऐकल्याशिवाय जीभ उचलत नाही.

शाल अजून प्लास्टिकमध्ये आहे. रंग भडक गुलाबी, तुला मुळीच शोभणार नाही. नारळ मात्र आम्ही खाल्ला, त्याची घट धर.

एकच कळव. त्या रात्री तुझ्याबरोबर खेचरं किती होती, अकरा की तेरा? निबंधात अकरा आलीत. माझ्या व्हाउचरवर तेरा होती असं आठवतंय. आकडा आला की रविवारी पोराला घेऊन बसतो.

तुझा,
बटाटेवाला